एक वीत अंतर

माझ्या गालावर पहिली खरी थापड लग्नानंतर बसली. त्याआधी मी थापडा खाल्ल्या नव्हत्या असं नाही. उलट लहानपणापासून मी दुसरं काय केलं! प्रत्येक खेळात माझा आणि बाबांचा थापडांचा आयटम असायचा. मी मारायची, बाबा पडायचे. मग बाबा मारायचे, मी पडायची. लोक हसून हसून बाकांवरून घसरायचे. पण त्यातली एकही थापड मला कधी लागली नव्हती. म्हणून ती पहिली लागली तेव्हा हे काय झालं ते मला समजलंच नाही. आज लिहायला बसले तरी हात थांबतो.

आमचं घराणं जोकरांचं. आजोबा जोकर होते, बाबा जोकर, आणि मोठी होता होता मीही. सर्कस लहान होती, घरचीच. काका, आत्या, त्यांची पोरं आणि एक ठिगळ लावलेला तंबू. वाघ-हत्ती आमच्याकडे कधी नव्हते. एक घोडी होती आणि टोपी घालून दोन पायांवर चालणारी कुत्री. जत्रा जिथे भरेल तिथे आम्ही. पावसाळ्यात नाचणगावच्या एका मोकळ्या जागेत गाड्या लावून राहायचो. तिथेच माझी चौथीपर्यंतची शाळा झाली, तीही तुकड्यातुकड्यांनी.

खोटी थापड कशी मारतात ते सांगते, नाहीतर पुढचं कळणार नाही. मारणाऱ्याचा हात गालापासून एक वीत दुरून जातो. आवाज तो काढत नाही, मार खाणारा काढतो. लोकांकडे खांदा करायचा आणि त्याच्या आडोशाला, छातीपाशी, आपल्याच दोन हातांची टाळी वाजवायची. त्याच क्षणी मान फिरवायची आणि पडायचं. पडणं वेगळं शिकावं लागतं. आधी खांदा टेकवायचा, मग कूस, आणि शेवटी दोन्ही पाय वर. पाय वर जाणं सगळ्यात महत्त्वाचं. बाबा म्हणायचे, "पाय वर गेले नाई तं लोकाईले कीव येते. कीव आली का हासू मेलं."

हे मला गवताच्या गादीवर शिकवलं, मला नीट बोलताही येत नव्हतं तेव्हा. इतक्या लवकर शिकवायचं कारण असं की टाळी विचार करून वाजवली तर उशिरा वाजते. हात येताना दिसला की ती आपोआप वाजली पाहिजे. माझी तशीच वाजायची.

घरातही तेच. आईबाबांचं भांडण लागलं आणि आईनं हात उगारला की बाबा टाळी वाजवून भांड्यांत जाऊन पडायचे. आई कितीही रागात असो, तिला हसू फुटायचं. दारू पिऊन बायकोला मारणारे पुरुष मी पाहिले नव्हते असं नाही. जत्रेत ते दिसायचेच. पण ती परकी माणसं होती. आपल्या माणसानं उचललेला हात म्हणजे खेळ, एवढंच माझ्या अंगात मुरलं होतं.

तोंडाला सफेदा लावला की मी कोणाचीही नक्कल करायची. तहसीलदार म्हणू नका, पहिल्या रांगेतली पोट सुटलेली माणसं म्हणू नका. सफेदा धुतला की दुकानात जाऊन साखर मागायलासुद्धा माझी जीभ उचलत नसे. अजूनही नाही उचलत.

लॉकडाऊन लागलं आणि तंबू जो मिटला तो उघडलाच नाही. घोडी विकली. आई त्याच साली गेली. काका पुलगावात हमाली करू लागले. बाबा लग्नाच्या हॉलच्या दारात उभे राहू लागले, रंग लावून, नाकावर लाल बोंड, येणाऱ्या पोरांच्या हातात चॉकलेट. वाढदिवस असला तर मीही जायची.

माझा नवरा देवळीचा. आमचा तंबू देवळीत लागायचा तेव्हा पाण्याचा टँकर तोच आणायचा. घरी कापूस-सोयाबीनचं वावर, एक ट्रॅक्टर आणि आई. वडील वारलेले. त्यानंच मागणी घातली. सासू पाहायला आली तेव्हा मी खाली मान घालून बसले होते. ती सोबतच्या बाईला म्हणाली, "जोकराची पोरगी हाय, पण मान वर करत नाई. चालते." मग मला म्हणाली, "आता तोंड रंगवाचं नाई बरं का." मी हो म्हटलं. मला सुटल्यासारखंच वाटलं होतं. एका जागी राहायचं, एकाच चुलीवर रोज रांधायचं, याचं मला लहानपणापासून अप्रूप होतं.

लग्नानंतरचं पहिलं वर्ष चांगलं गेलं. नवरा बाजारातून येताना माझ्यासाठी आठवणीनं चिवडा आणायचा.

मग सोयाबीन निघालं. अंगणात वाळत घातलेलं होतं. पवनारहून सासूचा भाऊ, भावजय, त्यांची पोरं आली होती. नवरा टँकर भरायला लावून निघाला आणि जाताना मला म्हणाला, "भरला का मोटर बंद करजो." मी पाहुण्यांच्या भाजीत घालायला सांबार, म्हणजे कोथिंबीर, चिरत बसले आणि विसरले. टँकर वाहिला. पाणी अंगणात, सोयाबीन भिजलं.

तो आला, पाहिलं, आणि सरळ माझ्याकडे चालत आला. हात उचलला.

मला हात दिसला आणि टाळी वाजली. मान फिरली. खांदा, कूस, पाय वर.

 पाहुण्यांच्या एका पोराला हसू फुटलं, त्याच्यामागे सगळे. सासू तर पदर तोंडात कोंबून हसत होती. "अवं माय वं! सर्कसच आली घरात!" नवऱ्याचा चेहरा आधी गोंधळला, मग तोही हसला. त्यानं मला हात देऊन उठवलं.

मी ओल्या सोयाबीनमध्ये पडले होते आणि माझा गाल जळत होता. खरं सांगते, मला वाटलं मधमाशी चावली. मी हात लावून काटा शोधला.

दुपारी पाहुणे जेवून गेले तेव्हा मला उमगलं की हात लागला. आणि त्यावर मी काय केलं? खोलीत जाऊन नवऱ्याला म्हणाले, "तुमचं अंतर चुकलं."

"काय चुकलं?"

"हात लय जवळून आला. एक वीत सोडावं लागते. नवीन माणसाचं होते तसं, घाबरू नका."

तो माझ्याकडे पाहत राहिला. मी चेष्टा करतेय की काय, ते त्याला ठरवता येत नव्हतं. मी त्याचा हात हातात घेतला, गालापासून दूर धरला आणि दाखवलं, इथून न्यायचा, असा, बोटं सैल ठेवून. त्यानं हळूच तसा हात फिरवला. म्हणाला, "असा?"

"हो. असा."

"लय येडी हायस तू," तो म्हणाला आणि हसत बाहेर गेला.

मी माझ्या नवऱ्याला शिकवलं. हे वाक्य लिहून मी कितीतरी वेळ नुसती बसले.

पुढच्या वेळी भाजीत मीठ जास्त झालं म्हणून. मग काहीही निमित्त. आणि मग निमित्तही लागेना. कोणी आलं की सासू म्हणायची, "अरे, दाखव ना रे ते, सूनबाईचं." नवरा उठायचा. टाळी वाजायची, पाय वर जायचे, लोक हसायचे. आणि गाल जळायचा. मी दर वेळी त्याला समजावून सांगायची. अंतर, अंतर. तो दर वेळी मान हलवायचा. मला वाटायचं, जमेल हळूहळू. माझ्या काकांना बाबांनी शिकवलं तेव्हा त्यांचाही हात सुरुवातीला लागायचा, बाबांचा ओठ फुटला होता एकदा. शिकणाऱ्यावर चिडायचं नाही असं आमच्यात होतं.

डाव्या कानात शिट्टी वाजू लागली. बारीक, न थांबणारी. मी कापूस घालून ठेवायची.

दिवाळीनंतर सासूच्या भाच्यानं मोबाईलमध्ये ते सगळं काढलं आणि पाठवून दिलं कुठे कुठे. मला माहीतही नव्हतं. किराणा दुकानात शेजारची बाई म्हणाली, "काय वं, तुहा आयटम पाह्यला! पोट दुखलं हासू हासू. घरी रोज करता का तुम्ही?" मी खाली पाहून हो म्हटलं आणि साखर न घेता परत आले.

तो व्हिडिओ फिरत फिरत पुलगावच्या लग्नाच्या हॉलवर पोचला. सजावटीवाल्या माणसानं बाबांना दाखवला, "पाहा दादा, तुमच्या लाईनीतलीच दिसते कोणी बाई." बाबांनी मोबाईल त्याच्या हातातून घेतला आणि कानाला लावला. व्हिडिओ पुन्हा सुरू केला, तोही कानाला लावूनच ऐकला. हे मला त्या माणसानंच नंतर सांगितलं. म्हणाला, "मले समजे ना, हे चित्र पाहाचं सोडून आईकून काऊन राह्यले."

दुसऱ्या दिवशी सकाळी बाबा देवळीला आले. त्यांच्या कानांमागे सफेदा तसाच होता. बाबा रंग पूर्ण काढल्याशिवाय कधीच कुठे जात नाहीत. मी तो सफेदा पाहिला आणि घाबरले.

ओसरीत चहा झाला. नवरा खुशीत होता.

"मामाजी, व्हिडिओ पाह्यला का? तुमचीच तालीम, बरं का!"

"पाह्यला."

"मंग? कसा वाटला?"

"दोन आवाज हायेत त्याच्यात," बाबा म्हणाले. "एक टाळीचा. दुसरा गालाचा."

सासू हसली. "इवाईबुवा, मोबाईलात कुठं एवढं समजते जी?"

"मले समजते."

मग बाबांनी कप खाली ठेवला आणि उभे राहिले. दोन्ही हात त्यांनी पाठीमागे बांधले. मला वाटलं, ते निघाले.

"जवाईबापू, उठा. मले मारा एक."

"काय म्हणता मामाजी!"

"मारा ना. गंमतच हाय. तुमच्या घरात चालतेच ना."

"तुम्हाले कसा मारू मी?"

"काऊन? हिले तं काई होत नाई. आन् हिले मीच शिकवलं. मले तं हिच्याहून बेस येते."

"मोठे आहा ना तुम्ही."

"आयटमात लहान-मोठं नसते. ही एवढीशी होती तईपासून मले मारते. मारा."

नवरा अर्धवट उठला. हसत होता, पण आमच्याकडे पाहत होता, कोणी मधे पडतं का म्हणून. सासूला विनोद वाटत होता, ती म्हणाली, "मार रे बाप्पा, एवढं म्हणतात तं." त्यानं हात थोडा वर नेला. बाबांचे हात पाठीमागे तसेच. त्यानं ते हात पाहिले आणि आपला हात खाली घेतला.

"जाऊ द्या ना मामाजी," तो म्हणाला. "लागन ना तुम्हाले."

मी चहाचे कप उचलत होते.

लागन ना. म्हणजे त्याला माहीत होतं. तो शिकत नव्हता, चुकत नव्हता. मी त्याचा हात हातात धरून दाखवलं तेव्हाही त्याला माहीत होतं. तो "असा?" म्हणाला तेव्हाही. कानात कापूस पाहून "सर्दी झाली काय वं" म्हणाला होता, तेव्हाही.  हातातले कप खाली ठेवायचं मला सुचत नव्हतं. बाबांनी ते माझ्याकडून घेतले.

 आपण काय बोललो ते नवऱ्याला उशिरा समजलं असावं. त्याचं हसू चेहऱ्यावर तसंच राहिलं होतं, नुसतं काढायचं राहून गेल्यासारखं.

"माय," बाबा मला म्हणाले, "पिशवी भर."

मी खोलीत कपडे भरत होते तेव्हा सासू आत आली. मला वाटलं आता अडवेल, शिव्या देईल. ती दार ओढून घेऊन पलंगावर बसली.

"खरंच लागे का तुले?"

"हो."

"पहिल्यापासून?"

"पहिल्यापासून, आई."

 आपल्या हातांकडे पाहत ती हळू आवाजात बोलू लागली, बाहेर ऐकू जाणार नाही असं. "तुह्या सासऱ्यानं मले लय मारलं. मरेपर्यंत मारलं. मी अशी कधी पडली नाई, पाय वर करून. भिंतीले टेकून उभी राहो. तुले पाह्यलं तं मले वाटलं, हिले मायबापानं काई तरी शिकवलं, हिच्या अंगाले लागतच नाई. एक तरी बाई सुटली म्हणून हासो मी." मग म्हणाली, "तुले म्हणणार होती का मलेही शिकव. मंग म्हटलं, आता कोणासाठी शिकाचं. मारणारा तं गेला."

 त्या घरात मला सगळ्यात जास्त राग तिच्या हसण्याचा यायचा. नवऱ्याचाही नाही एवढा. तो राग मी आता कुठे ठेवायचा होता? मी पिशवीचे बंद बांधले आणि तिच्या पाया पडले. तिनं माझ्या डोक्यावर हात ठेवला नाही. 

वर्ध्याच्या दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी कानात बत्ती घालून पाहिलं. पडद्याला छिद्र आहे म्हणाल्या. "कशानं झालं?" बाबांनी माझ्याकडे पाहिलं, पण स्वतः बोलले नाहीत. मी म्हटलं, "मारलं." हा शब्द माझ्या तोंडून पहिल्यांदाच निघाला होता. डॉक्टरीणबाईंना त्याचं काही वाटलं नाही, त्या लिहीत राहिल्या. 

दवाखान्यातून बाबांनी मला नाचणगावला आणलं. तिथे सगळे आपलेच. आत्या म्हणाली, "थोडंबहुत सगळ्याच घरी राह्यते. त्यानं रागानं तं नाई ना मारलं." काकांनाही तसंच वाटत होतं. बाबा कोणाला उत्तर देत नसत. ते सकाळी हॉलवर जायचे, रंग लावायचे, संध्याकाळी परत यायचे. मला त्यांनी एकच सांगितलं, "जाचं का राहाचं, ते तू सांगजो. मी नाई सांगणार." मी कधी कोणाला काही सांगितलंय, की हे सांगू? मनात मी जवळजवळ ठरवलं होतं की कोणी न्यायला आलं तर गुपचूप निघायचं. चार माणसांत उभं राहून नाही म्हणण्यापेक्षा ते मला सोपं वाटत होतं.

एके दिवशी अनोळखी नंबरवरून फोन आला. सासू होती. मागे गिरणीचा आवाज येत होता, दळण आणायला गेली असावी.

"तो येऊन राह्यला तुले घ्याले. दोघा जणाईले घेऊन."

"बरं."

"येऊ नको तू."

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं, माझा तो कानच तसा. मी मोबाईल उजव्या कानाला लावला.

"येऊ नको म्हणते मी. आईकलं का?" आणि तिनं फोन ठेवून दिला.

ते तिघं आले. नवरा आणि देवळीतले दोन वयस्क, एक त्यांच्या भावकीतला, दुसरा दुकानदार, चांगली माणसं. त्यांना खुर्च्या दिल्या. बाबा बाजूला पायरीवर बसले. आत्या, काका, शेजारीपाजारी, सगळे अंगणात.

नवरा म्हणाला, "इचारा तिले, मी कधी रागानं मारलं काय? हासतच होतो मी. ती बी पाय वर करून पडे. व्हिडिओ हाय माह्याजवळ." तो मोबाईल काढू लागला.

दुकानदारांनी त्याला हातानं थांबवलं. मला म्हणाले, "पोरी, तू सांग. आम्ही त्याच्यासाठीच आलो. गंमत होती का लागलं तुले?"

सगळ्यांचे चेहरे माझ्याकडे. तंबूत शेकडो चेहरे माझ्याकडे वळायचे तेव्हा मला काही होत नसे. इथे जेमतेम अंगण भरलेलं, पण तोंडाला सफेदा नव्हता. मी बाबांकडे पाहिलं. ते जमिनीकडे पाहत होते, मुद्दाम.

"लागलं," मी म्हटलं. "पहिल्या दिवशीच लागलं. मी येत नाही."

"आईकू नाई आलं पोरी," भावकीतले म्हातारे म्हणाले. त्यांनी खुर्ची पुढे ओढली. "जरा मोठ्यानं बोल."

मी पुन्हा म्हटलं. या वेळी रस्त्यानं डोक्यावर वैरणीचा भारा घेऊन चाललेली एक बाईही थांबली.